आधी गोळी, मग पीळ: लांब पल्ल्याच्या रायफलीची पार्श्वभूमी

लांब पल्ल्याच्या नेमबाजीसाठी नळी मागवली की कारागीर आधी कॅलिबर, म्हणजे नळीचा आतला व्यास, विचारतो आणि लगेच पीळ. १:८, १:१०, १:१२. म्हणजे नळीतल्या खाचा किती इंचांत एक पूर्ण वेढा घेतात. नवखा नेमबाज दुर्बीण, दस्ता, चाप यांवर महिनोन्महिने खल करतो आणि हा आकडा मात्र जो मिळेल तो मुकाट घेतो. खरी गोम त्या आकड्यातच आहे.

१८५०च्या दशकात ब्रिटिश सैन्याकडे ०.५७७ इंची एन्फिल्ड होती. तिच्या नळीचा पीळ होता ७८ इंचांत एक वेढा, म्हणजे जवळजवळ सरळच. यंत्रकार जोसेफ व्हिटवर्थ यांनी तिच्याशी स्पर्धा करताना तीन गोष्टी एकदम बदलल्या: नळी षटकोनी केली, व्यास ०.४५१ इंचांवर आणला आणि पीळ २० इंचांत एक असा घट्ट केला. बारीक, लांबुळकी गोळी त्या पिळाने मिळालेल्या फिरकीमुळे हवेत न डगमगता जाऊ लागली. १८५७च्या चाचण्यांत व्हिटवर्थ रायफलने एन्फिल्डला पार मागे टाकलं, तरी सैन्याने ती सरसकट स्वीकारली नाही. ती महाग होती, आणि दारूची काजळी साचली की भरायला अवघड जाई. नेमबाजांनी मात्र तिला डोक्यावर घेतलं. २ जुलै १८६० रोजी विम्बल्डनच्या माळावर ब्रिटनच्या नॅशनल रायफल असोसिएशनची पहिली स्पर्धा भरली, तेव्हा राणी व्हिक्टोरियाने बैठकीवर घट्ट बसवलेल्या व्हिटवर्थचा चाप रेशमी दोरीने ओढला. ४०० यार्डांवर गोळी मध्यापासून जेमतेम इंच-दीड इंचावर लागली. नेम राणीचा नव्हता, रायफल आधीच लावून ठेवलेली होती. पण जाहिरात म्हणून याहून चांगलं काय हवं!

पुढचा टप्पा न्यूयॉर्कजवळच्या लाँग आयलंडवरचा. १८७३ साली तिथे क्रीडमूर रेंज सुरू झाली. त्याच वर्षी इंग्लंड आणि स्कॉटलंडला हरवून एल्को शील्ड जिंकलेल्या आयरिश संघाने अमेरिकेला आव्हान दिलं, आणि सप्टेंबर १८७४ मध्ये ८००, ९०० आणि १००० यार्डांवर सामना झाला. आयरिश नेमबाजांकडे रिग्बीच्या ठासणीच्या रायफली होत्या, अमेरिकनांकडे रेमिंग्टन आणि शार्प्सच्या मागून भरायच्या. अनेक जाणकारांना ठासणीच अचूक वाटत होती. शेवटच्या नेमबाजाची शेवटची गोळी उरली तेव्हा आयरिश संघ एका गुणाने पुढे होता. जॉन बोडाइन यांचा हात थोड्याच वेळापूर्वी जिंजर बिअरची बाटली फुटून कापला होता. त्यांनी हातावर रुमाल गुंडाळला, गोळी झाडली आणि मध्य साधला. ९३४ विरुद्ध ९३१. पण एक आयरिश गोळी चुकून शेजारच्या लक्ष्याच्या मध्यावर लागली होती आणि तिचे शून्य गुण मिळाले. मध्याचे गुण होते चार. म्हणजे ती स्वतःच्या लक्ष्यावर लागती तर ठासणीच्या रायफली एका गुणाने जिंकल्या असत्या, आणि मागून भरायच्या रायफलीचा ‘विजय’ म्हणून जो गाजावाजा झाला तो झाला नसता. मला तरी या निकालातून कोणती रायफल सरस ते कळत नाही. एवढंच दिसतं की दोन्हीकडे लांब, जड शिशाची गोळी आणि तिला साजेसा पीळ होता, म्हणून दोन्ही जवळपास बरोबरीत राहिल्या.

त्यानंतर पाच वर्षांनी, १८७९ मध्ये, वुलिचच्या लष्करी अकादमीतले गणिती जॉर्ज ग्रीनहिल यांनी तोफगोळ्यांसाठी एक सोपं सूत्र मांडलं: व्यासाचा वर्ग गुणिले १५०, भागिले गोळीची लांबी. उत्तर आलं तो पीळ. ०.३०८ इंच व्यासाची, सव्वा इंच लांबीची आजची गोळी यात घाला. उत्तर साडेअकरा इंचांच्या आसपास येतं. आज याहून नेमकी गणितं आहेत, पण कागदाच्या चिठोऱ्यावर अंदाज बांधायला हे सूत्र अजून पुरतं. सूत्रात वजन कुठेच नाही, हे लक्षात ठेवण्याजोगं आहे. पीळ लांबी ठरवते.

१८८४ मध्ये फ्रान्समध्ये पॉल व्हिएल यांनी धूरविरहित दारू तयार केली आणि दोन वर्षांत लेबेल रायफल आली. वेग वाढला, गोळीवर धातूचं कवच चढलं. १९०५च्या सुमारास जर्मनीने टोकदार गोळी स्वीकारली, मग इतर अनेकांनी. पहिल्या महायुद्धानंतर मागून निमुळत्या गोळ्यांचा बोलबाला झाला, कारण लांब अंतरावर त्या वेग राखतात. १९३५ मध्ये अमेरिकेतल्या कॅम्प पेरी रेंजवर १००० यार्डांचा विम्बल्डन कप बेन कम्फर्ट यांनी .३०० हॉलंड अँड हॉलंड मॅग्नम वापरून जिंकला. हे मुळात शिकारीचं काडतूस! तेव्हापासून ‘मोठं काडतूस, जास्त दारू’ हा मोह नेमबाजांच्या मानगुटीवर बसला तो बसलाच. धक्का वाढतो, नळी लवकर झिजते, आणि खांदा चापाआधीच आकसतो.

दुसरी वाट बराच काळ दुर्लक्षित राहिली. स्वीडनची १८९०च्या दशकातली ६.५×५५ मिलिमीटर काडतुसाची रायफल २०० मिलिमीटरांत एक वेढा, म्हणजे जवळपास १:८ पिळाची होती. बारीक, लांब गोळी, मध्यम दारू. २००७ मध्ये हॉर्नाडी या काडतूस बनवणाऱ्या कंपनीने ६.५ क्रीडमूर काडतूस आणलं ते याच वाटेने. नाव मात्र त्या जुन्या रेंजचं, जिच्या जागेवर विसाव्या शतकात मनोरुग्णालय उभं राहिलं. फरक वाऱ्यात दिसतो. ताशी १० मैलांचा आडवा वारा १००० यार्डांवर .३०८ काडतुसाची १७५ ग्रेनची (एक ग्रॅम म्हणजे साधारण १५ ग्रेन) गोळी साधारण ९० इंच ढकलतो, तर ६.५ची १४० ग्रेनची सुमारे ७० इंच. एफ-क्लास या दुर्बीण आणि आधार लावून खेळायच्या स्पर्धाप्रकारात त्या अंतरावर अमेरिकन लक्ष्याचं दहा गुणांचं वर्तुळ फक्त १० इंचांचं असतं. वाऱ्याचा अंदाज थोडा चुकला तरी कोणाला जास्त माफी मिळते ते उघड आहे.

हा एफ-क्लास कॅनडातला. जॉर्ज फार्कवारसन यांना वयामुळे उघड्या साइटने आणि पट्ट्याच्या आधाराने नेम धरणं जमेना, म्हणून त्यांनी दुर्बीण आणि आधार चालेल असा प्रकार काढला. ‘एफ’ त्यांच्याच नावातला. २००२ मध्ये ओटावाजवळ पहिली जागतिक स्पर्धा झाली. पुढे त्याचे दोन फाटे झाले. ओपनमध्ये ८ मिलिमीटरपर्यंतचं कोणतंही कॅलिबर आणि १० किलोपर्यंतची रायफल चालते. एफ-टीआरमध्ये बायपॉड, म्हणजे दोन पायांचा आधार, लावून रायफल ८.२५ किलोच्या आत हवी आणि काडतूस फक्त .२२३ किंवा .३०८. दुर्बिणीखाली २० मिनिटांचा (इथे मिनिट म्हणजे अंशाचा साठावा भाग) उतार असलेला पाया बसवतात तोही अंतरामुळेच: १०० यार्डांवर जुळवलेल्या .३०८ला १००० यार्डांसाठी ३५ ते ४० मिनिटं वर चढावं लागतं, आणि अनेक दुर्बिणींमध्ये सपाट पायावर तेवढी जागाच उरत नाही.

काडतूस नियमाने बांधलेलं म्हणून एफ-टीआरवाले गोळीकडे वळले. १५५ ग्रेन सोडून २०० ग्रेनच्या लांब गोळ्या आल्या, आणि १९५२ सालच्या त्याच .३०८साठी, जिच्या नळ्या वर्षानुवर्षं १:१२च्या असत, आता १:१० किंवा त्याहून घट्ट पीळ मागवला जातो.