मान डोलावणाऱ्या बाहुल्या: घेण्याआधी थोडं वाचा

जुनी बाहुली गाडीत ठेवू नका, ही आमची पहिली विनंती. १९६० च्या दशकातल्या बहुतेक बाहुल्या कागदाच्या लगद्याच्या आहेत. काचेमागचं ऊन लागून त्यांचा रंग विटतो, गळ्यापाशी बारीक भेगा पडतात आणि पावसाळ्यात त्याच भेगांतून दमट हवा आत शिरते. डॅशबोर्डसाठी नवी प्लॅस्टिकची घ्या, तीही एअरबॅगच्या झाकणावर चिकटवू नका.

मान डोलावणाऱ्या मूर्ती मोटारीपेक्षा पुष्कळ जुन्या. चीनमध्ये घडवलेल्या अशा मूर्ती अठराव्या शतकात युरोपात पोचल्या. योहान झोफनीने १७६५ च्या सुमारास रंगवलेल्या इंग्लंडच्या राणी शार्लटच्या चित्रात त्या मागे उभ्या दिसतात. आपल्याला जवळची तंजावरची नाचरी बाहुली. तिचे भाग सुटे घडवून एकावर एक टेकवलेले असतात, त्यामुळे नुसत्या वाऱ्यानेही ती डोलू लागते. जवळपास पावणेदोनशे वर्षं भोसल्यांचं राज्य असलेल्या गावची ही कला. तिला भौगोलिक मानांकनही मिळालं आहे. आमच्या मते मराठी घरातल्या संग्रहाची सुरुवात हिच्यापासूनच व्हावी.

संग्राहक ज्यांच्या मागे असतात त्या बाहुल्या मात्र अमेरिकेतल्या. १९६० च्या सुमारास बेसबॉल संघांच्या बाहुल्या जपानमध्ये बनून तिकडे विकायला आल्या. संघ कोणताही असो, बहुतेकींना तोच गुबगुबीत, पोरसवदा चेहरा. बदलायचा तो गणवेश. मिकी मँटल, विली मेज अशा मोजक्या खेळाडूंच्या नावाने वेगळ्या बाहुल्या निघाल्या, त्यांना आजही मोठी मागणी आहे. १९६४ मध्ये ‘कार मॅस्कॉट्स’ कंपनीने बीटल्स या ब्रिटिश बँडमधल्या चौघांचा संच काढला. पुढे ही हौस ओसरली. मे १९९९ मध्ये सॅन फ्रान्सिस्को जायंट्स संघाने प्रेक्षकांना विली मेजची बाहुली भेट दिली आणि ही हौस पुन्हा जोरात आली. जर्मनीत गाडीच्या मागच्या काचेपाशी मान हलवणारा डॅक्सहुंड कुत्रा बसवतात. अमेरिकेतल्या बाहुल्यांचं डोकं स्प्रिंगवर बसवलेलं असतं, त्याला मात्र स्प्रिंग नसते. डोकं गळ्याच्या भोकात टांगलेलं असतं आणि आतल्या वजनामुळे हलून पुन्हा जागेवर येतं.

जुनी बाहुली घेताना आधी ती उलटी करून तळ बघा. जपानचा मूळ कागदी शिक्का शाबूत असेल तर उत्तमच. पायाच्या रंगावरून काळाचा अंदाज येतो. सोनेरी गोल पाया साधारण साठच्या दशकाच्या उत्तरार्धातला. मग मान हळूच हलवा. डोकं कॉलरला घासत असेल तर स्प्रिंग ढिली पडली आहे, असं समजा. स्प्रिंगवरचा थोडा गंज चालेल. नव्याने फासलेला रंग मात्र चालणार नाही. भेगा असलेली पण मूळ रंगाची बाहुली आम्ही नेहमी वरची मानतो. चकचकीत दिसावी म्हणून घरी रंग लावू नका, ओल्या फडक्याने पुसू नका. मऊ कोरडा ब्रश पुरतो. कपाटात ओलावा शोषणाऱ्या सिलिका जेलची पुडी ठेवा आणि पावसाळ्यात ती बदलत राहा.

आमच्याकडे दुरुस्तीला आणताना डोकं आणि खांदे यांच्यामध्ये कापसाचा बोळा घालून बाहुली आडवी ठेवा. प्रवासात मान सतत हलत राहिली, तर गळ्याची भेग वाढते.