चेंग पेई-पेई

चेंग पेई-पेई : (६ जानेवारी १९४६–१७ जुलै २०२४). हाँगकाँगच्या वूशिया चित्रपटांतील, म्हणजे तलवारबाज वीरांच्या कथापटांतील, श्रेष्ठ अभिनेत्री. जन्म शांघायचा. लहानपणी तिथेच बॅलेचे शिक्षण झाले. १९६२ च्या सुमारास ती हाँगकाँगला आली आणि शॉ ब्रदर्स या बलाढ्य चित्रसंस्थेत दाखल झाली.

तिला अजरामर केले ते किंग हू दिग्दर्शित ‘कम ड्रिंक विथ मी’ (१९६६) या चित्रपटाने. दरोडेखोरांनी ओलीस धरलेल्या भावाला सोडवायला निघालेली, पुरुषवेशातली ‘गोल्डन स्वॅलो’ तिने साकारली, तेव्हा ती जेमतेम विशीची होती. किंग हूच्या लेखी मारामारी हे नृत्यच होते. पेकिंग ऑपेरा या पारंपरिक चिनी संगीतनाट्यातला ताल, झटकन घेतलेला पवित्रा आणि त्यानंतरचा थांबा त्याला पडद्यावर हवा होता, आणि बॅलेत घडलेले शरीर त्यासाठी तयारच होते. खाणावळीच्या प्रसंगात दरोडेखोर तिच्याभोवती जमतात, तरी ती शांतपणे मेजाशी बसून राहते. कधी हलायचे हे तीच ठरवणार, हे प्रेक्षकाला तिच्या नजरेवरून कळते. पुढे मंदिरातल्या लढतीत दोन आखूड तलवारी घेऊन ती अनेकांशी एकटी झुंजते. तिची खरी ताकद मला त्या खाणावळीतल्या स्थिरतेत दिसते. तलवार त्यानंतर येते.

याच व्यक्तिरेखेवर चँग चेने ‘गोल्डन स्वॅलो’ (१९६८) काढला. नाव नायिकेचे असले तरी कथेचा भार नट जिमी वाँग यूच्या पात्रावर गेला. पुरुषी शौर्याची ही लाट शॉ ब्रदर्समध्ये त्या काळात जोर धरत होती, आणि तलवारबाज नायिकांची जागा तिने आक्रसवली. तरीही ‘द लेडी हर्मिट’मध्ये (१९७१) चेंगला तोलामोलाची भूमिका मिळाली : अज्ञातवासात राहणारी निष्णात योद्धी आणि तिच्याकडे विद्या मागणारी तरुण शिष्या (शी झू). गुरू आणि शिष्य दोन्ही स्त्रिया असलेला हा चित्रपट आजही आवर्जून पाहावा असा आहे. ‘हाँगकाँग नॉक्टर्न’ (१९६७) या संगीतपटात तिचे नृत्य तलवारीविना पाहायला मिळते.

लग्नानंतर ती अमेरिकेत स्थायिक झाली व बरीच वर्षे चित्रपटांपासून दूर राहिली. पुनरागमनानंतर स्टीफन चाऊसोबतच्या ‘फ्लर्टिंग स्कॉलर’मध्ये (१९९३) तिने विनोदी भूमिकाही केली.

अँग लीच्या ‘क्राउचिंग टायगर, हिडन ड्रॅगन’मधील (२०००) जेड फॉक्स ही तिची उत्तरायुष्यातली सर्वांत मोठी भूमिका. वूडांग या युद्धविद्येच्या पंथातील गुरूने या बाईला शय्येवर घेतले, पण स्त्री म्हणून विद्या नाकारली. तिने त्याला मारून त्या विद्येचा ग्रंथ पळवला. वरवर खलनायिका असलेल्या या पात्राची जळती तक्रार चेंगने इतक्या खरेपणाने मांडली, की तिचा राग रास्त वाटू लागतो. याच चित्रपटात पुरुषवेशातली झांग झियी खाणावळीत एकटी सगळ्यांना लोळवते, ते दृश्य थेट १९६६ च्या चित्रपटाशी नाते सांगते. या भूमिकेसाठी चेंगला सर्वोत्कृष्ट सहाय्यक अभिनेत्रीचा हाँगकाँग चित्रपट पुरस्कार मिळाला.

‘मुलान’मध्ये (२०२०) तिने विवाह जुळवणारी स्त्री रंगवली. मेंदूच्या दुर्मीळ, ऱ्हासकारी विकाराने कॅलिफोर्नियात तिचे निधन झाले; संशोधनासाठी मेंदूचे दान करण्याचा निर्णय तिने घेतला होता.