जखम तीच, शेवटचे अक्षर वेगळे

१ ऑक्टोबर २०१५ रोजी अमेरिकेतील रुग्णालयांनी आजार आणि दुखापती नोंदवण्याची जुनी संकेतावली सोडून ‘आयसीडी-१०-सीएम’ ही नवी संकेतावली स्वीकारली, तेव्हा तिच्यातील एका कोडची बरीच थट्टा झाली. ‘व्ही९७.३३एक्सडी’ असा तो कोड असून त्याचा अर्थ ‘जेट इंजिनात ओढले जाणे, नंतरची भेट’ असा होतो. एकदा इंजिनात ओढला जाऊन पुन्हा तिकडेच फिरकणारा हा महाभाग कोण, असे लोक हसत विचारत असत. थट्टा मजेदार होती, पण तिच्यात अर्थाचा घोटाळा होता. कोडमधील भेट ही रुग्णाची आणि डॉक्टरची भेट आहे. इंजिनाशी तिचा संबंध नाही.

सारा घोटाळा शेवटच्या, म्हणजे सातव्या, अक्षराचा आहे. दुखापतींच्या बहुतेक कोडांच्या शेवटी ए, डी किंवा एस यांपैकी एक अक्षर येते. ‘ए’ला पहिली भेट, ‘डी’ला नंतरची भेट आणि ‘एस’ला मागे राहिलेला परिणाम अशी नावे आहेत. ही नावेच फसवी आहेत, असे माझे मत आहे. नियमावलीनुसार जखमेवर सक्रिय उपचार चालू आहेत तोपर्यंत ‘ए’ लावायचे, मग ती रुग्णाची पाचवी भेट असो वा त्याला नवीन डॉक्टर तपासत असो. सक्रिय उपचार संपून जखम भरण्याच्या मार्गावर लागली आणि रुग्ण केवळ देखरेखीसाठी येऊ लागला, की ‘डी’ येते. थोडक्यात, हे अक्षर दिनदर्शिकेकडे पाहून ठरत नाही, उपचाराच्या टप्प्याकडे पाहून ठरते. आणि रसायनाने झालेल्या जखमेत हा टप्पा ओळखणे विशेष अवघड असते.

मुळात या संकेतावलीत आगीने पोळणे आणि रसायनाने पोळणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. उष्णता, वीज किंवा किरणोत्सर्ग यांमुळे झालेली जखम ‘बर्न’ या नावाखाली जाते, तर आम्ल किंवा अल्कली यांसारख्या रसायनाने झालेली जखम ‘करोजन’, म्हणजे क्षरण, या नावाखाली जाते. उन्हाने होरपळलेल्या कातडीची सोय तिसरीकडेच, त्वचारोगांच्या प्रकरणात केलेली आहे. हा भेद नुसता कारकुनी नाही. गरम तवा हातावरून उचलला, की इजा करणारी वस्तू दूर होते. रसायन मात्र धुऊन निघेपर्यंत, आणि कधी कधी त्यानंतरही, आपले काम करत राहते. आम्लामुळे त्वचेतील प्रथिने गोठतात आणि त्यांची एक कडक खपली तयार होते, जी आम्लाला आणखी खोल जाण्यापासून काही प्रमाणात अडवते. अल्कलीच्या बाबतीत असा अडसर उभा राहत नाही. कॉस्टिक सोडा आणि तेल एकत्र करून साबण बनवतात, हे अनेकांना ठाऊक असेल. तीच अभिक्रिया त्वचेखालच्या चरबीवर घडते, ऊती विरघळू लागतात आणि सोडा खोल उतरत जातो. लहान मुलांच्या डोळ्यात चुन्याची पुडी फुटली की नेत्रतज्ज्ञ इतके का धास्तावतात, याचे उत्तरही येथेच आहे. हायड्रोफ्लुओरिक आम्लाची तऱ्हा निराळीच आहे. ते सौम्य असेल तर वेदना काही तासांनी सुरू होते आणि तोवर त्यातील फ्लुओराइड आत शिरून शरीरातील कॅल्शियम बांधून टाकू लागलेले असते.

आता एक काल्पनिक रुग्ण घेऊ. अमेरिकेतील एका उपाहारगृहात भट्टी साफ करताना एका कामगाराच्या उजव्या हाताच्या मागच्या बाजूवर कॉस्टिक सोडा असलेले द्रावण उडाले. तातडीच्या विभागात डॉक्टरांनी हात भरपूर पाण्याने धुतला आणि जखम दुसऱ्या अंशाची असल्याचे लिहिले; अंश म्हणजे जखम किती खोल आहे हे सांगणारी पायरी. येथे पहिला कोड जखमेचा नाही, रसायनाचा लागतो. ‘टी५४.३एक्स१ए’ म्हणजे संक्षारक अल्कलीचा विषारी परिणाम, अपघाताने. त्यातील ‘एक्स’ला स्वतःचा काही अर्थ नाही; तो रिकामी जागा भरण्यासाठी बसवलेला आहे. त्यानंतरचा एकचा आकडा हेतू सांगतो. आकडा दोन असता तर ती स्वतःला करून घेतलेली इजा ठरली असती, तीन असता तर हल्ला. एका आकड्याच्या चुकीने अपघाताचा हल्ला होऊ शकतो, हे ध्यानात घेतले म्हणजे कोडर, म्हणजे रुग्णाच्या नोंदी वाचून कोड लावणारी मंडळी, प्रत्येक खुणेसाठी एवढी काटेकोर का असतात ते समजते. रसायनाच्या पाठोपाठ जखमेचा कोड येतो : ‘टी२३.६६१ए’, म्हणजे उजव्या हाताच्या मागच्या बाजूचे दुसऱ्या अंशाचे क्षरण. अपघात कोठे घडला याचाही कोड देता येतो, पण तो फक्त पहिल्या उपचाराच्या वेळी, एकदाच.

तिसऱ्या दिवशी भाजलेल्या रुग्णांचे तज्ज्ञ तीच जखम पाहतात आणि ती तिसऱ्या अंशाची, म्हणजे त्वचेच्या पूर्ण जाडीची, असल्याचे नोंदवतात. अल्कलीच्या बाबतीत पहिल्या दिवशीचा अंदाज असा चुकणे नवलाचे नाही. मग कोड ‘टी२३.७६१’ असा बदलतो, शेवटचे अक्षर मात्र ‘ए’च राहते, कारण उपचार अजून चालू आहेत. पुढच्या आठवड्यात त्वचारोपण झाले, तरीही ‘ए’च. मात्र हा अंश डॉक्टरने लिहिलेला असला पाहिजे. छायाचित्र पाहून किंवा वर्णनावरून कोडरने तो स्वतः ठरवायचा नसतो. नोंद अपुरी असेल तर डॉक्टरकडे लेखी विचारणा करावी लागते. अमेरिकी रुग्णांच्या नोंदी वाचून कोड लावण्याचे काम आज पुण्या-मुंबईसह भारतातील अनेक शहरांत चालते, आणि ज्या कोडरला तो हात कधी दिसणारच नसतो, त्याच्यापुरता तो हात म्हणजे डॉक्टरने लिहिलेली वाक्ये असतात.

त्वचा रुजली, जखम सुकू लागली, आणि रुग्ण पट्टी बदलण्यासाठी व हात ठीक आहे ना हे दाखवण्यासाठी येऊ लागला, की जखमेचा कोड ‘टी२३.७६१डी’ होतो आणि रसायनाच्या कोडचे शेवटचे अक्षरही त्याच्याबरोबर ‘डी’ होते. येथे नवख्यांची एक चूक ठरलेली असते. शुश्रूषेसाठी ‘झेड’ अक्षराने सुरू होणारे वेगळे कोड आहेत, तेव्हा फेरतपासणीला तेच लावावे असे वाटते. दुखापतींच्या बाबतीत मात्र नियम तसे करू देत नाही. मूळ दुखापतीचा कोड कायम ठेवून त्याच्या शेवटी ‘डी’ लावायचे. यामागचा विचार मला पटतो, कारण त्यामुळे महिन्याभरानंतरच्या नोंदीतूनही हात कशाने, किती खोल आणि कोणत्या हेतूने पोळला ते कळत राहते. उलट, जखम भरतच नसेल किंवा त्वचा मृत होत असेल, तर ती ताज्या जखमेप्रमाणेच नोंदवायची असते, आणि जंतुसंसर्ग झाला असेल तर त्याचा कोड वेगळा जोडायचा असतो.

आठ महिन्यांनी हाच कामगार परत येतो. जखम केव्हाच बंद झाली आहे, पण तेथे जाड, उंचावलेला वण उठला आहे आणि त्याच्या ओढीने बोटे पुरती मिटत नाहीत. आता नोंदीत आधी वणाचा कोड, ‘एल९१.०’, येतो आणि त्यामागे ‘टी२३.७६१एस’. अमेरिकी संकेतावली ज्यावरून बेतली आहे, त्या जागतिक आरोग्य संघटनेच्या आजार-वर्गीकरणाच्या मूळ दहाव्या आवृत्तीत अशा मागे राहिलेल्या परिणामांसाठी ‘टी९५’ हा स्वतंत्र गट आहे आणि त्यात भाजणे, क्षरण व हिमदाह एकत्रच येतात. अमेरिकी आवृत्तीने तो गट गाळून हे काम ‘एस’वर सोपवले. ‘एस’ लावण्याला कालमर्यादा नाही, त्यामुळे वण दहा वर्षांनी त्रास देऊ लागला तरी तेच अक्षर लागते. एकाच रुग्णाच्या अंगावर जुन्या जखमेचा वण आणि दुसरी भरत असलेली जखम असेल, तर एकाच नोंदीत ‘एस’ आणि ‘डी’ शेजारी शेजारीही येऊ शकतात. शल्यविशारदाने या कामगाराचा वण मोकळा करण्यासाठी शस्त्रक्रिया केली, तर तो दिवस सक्रिय उपचाराचा वाटेल खरा, पण कोडच्या शेवटी ‘एस’च राहील, कारण त्या दिवशी उपचार वणावर झालेला असेल, सोड्याने पोळलेली जखम तोवर भरून गेलेली असेल.