चट्टोपाध्याय, वीरेंद्रनाथ

(३१ ऑक्टोबर १८८०–२ सप्टेंबर १९३७). भारतीय क्रांतिकारक व कम्युनिस्ट कार्यकर्ते. ‘चट्टो’ या नावाने परिचित. जन्म हैदराबाद येथे. वडील अघोरनाथ हे तेथील निजाम कॉलेजचे पहिले प्राचार्य. सरोजिनी नायडू या थोरल्या भगिनी. आय.सी.एस.साठी ते सु. १९०२ मध्ये इंग्लंडला गेले. ते न साधल्याने लंडनच्या मिडल टेंपल या विधिसंस्थेत बॅरिस्टरीसाठी दाखल झाले. इंडिया हाउस या लंडनमधील भारतीय विद्यार्थ्यांच्या वसतिगृहात वि. दा. सावरकरांशी त्यांचा निकटचा संबंध आला. मदनलाल धिंग्रा यांनी केलेल्या कर्झन वायली या ब्रिटिश अधिकाऱ्याच्या वधानंतर (१९०९) सावरकरांची बाजू मांडणारे पत्र त्यांनी ‘टाइम्स’मध्ये प्रसिद्ध केले, पुढे मिडल टेंपलने त्यांचे नाव काढून टाकले. नंतर पॅरिसला मादाम कामा यांच्या गटात व पहिल्या महायुद्धकाळात जर्मनीतील भारतीय क्रांतिकारकांच्या बर्लिन समितीत त्यांनी काम केले.

१९२१ मध्ये भारतीय क्रांतिकारकांचे एक शिष्टमंडळ मॉस्कोला गेले. चट्टोपाध्याय, गुलाम अंबिया खान लुहानी आणि वर्ध्याचे पांडुरंग खानखोजे यांनी लेनिनकडे एक निवेदन पाठविले. आधी ब्रिटिश साम्राज्यशाहीचा पाडाव, वर्गलढा त्यानंतर, हा त्याचा गाभा होता. तो भारतीय कम्युनिस्ट नेते मानवेंद्रनाथ रॉय यांच्या भूमिकेला छेद देणारा होता. लेनिनने ते आस्थेने वाचल्याचे कळविले, पण नव्या निवेदनाची गरज काय, असेही विचारले. या वादामागे नेतृत्वाची स्पर्धा होती, असे काही अभ्यासक मानतात. ती असेलही; तथापि मतभेद तात्त्विकच होते, हे मत अधिक सयुक्तिक वाटते.

१९२७ च्या ब्रुसेल्स परिषदेतून साम्राज्यवादविरोधी संघ उभा राहिला. त्याच्या बर्लिन कार्यालयाचा भार चट्टोपाध्यायांनी वाहिला. बर्लिनमधल्या चट्टोंचे वर्णन नेहरूंनी आत्मचरित्रात केले आहे : कपडे विटलेले, पुढच्या जेवणाची भ्रांत, पण विनोदबुद्धी शाबूत. १९३१ च्या सुमारास ते सोव्हिएत संघात गेले व लेनिनग्राडच्या मानववंशशास्त्र संस्थेत काम करू लागले.

स्टालिनने चालविलेल्या धरपकडीच्या सत्रात जुलै १९३७ मध्ये त्यांना अटक झाली. ३१ ऑगस्ट रोजी स्टालिन, मोलोतोव्ह, व्होरोशिलोव्ह, झ्दानोव्ह व कागानोविच यांनी सह्या केलेल्या, देहदंडासाठीच्या १८४ नावांच्या यादीत त्यांचे नाव होते. २ सप्टेंबरला सर्वोच्च न्यायालयाच्या लष्करी मंडळाने देहदंड सुनावला आणि त्याच दिवशी तो अमलात आला. म्हणजे खटला उभा राहण्यापूर्वीच शिक्षा ठरली होती. अशी सुनावणी बहुधा पंधरा-वीस मिनिटांत उरके. वकील नसे, अपीलही नसे.

जुन्या लेखनात त्यांच्या मृत्युवर्षाबाबत एकवाक्यता नाही. दुसऱ्या महायुद्धाच्या काळातील वर्षेही दिलेली आढळतात. याचे मूळ सोव्हिएत दफ्तराच्या रीतीत असावे. गोळी घातलेल्यांच्या नातलगांना ‘दहा वर्षे कैद, पत्रव्यवहाराचा हक्क नाही’ एवढेच सांगितले जाई. १९५५ पासून चौकशी करणाऱ्यांना मृत्यूची तारीख कळविण्यात येऊ लागली, तीही खोटी : ती अटकेपासून दहा वर्षांच्या आतली निवडायची आणि कारण एखादा आजार दाखवायचे, असा सुरक्षा यंत्रणेचा गुप्त आदेश होता. वाट पाहणाऱ्या घरच्यांना दिलेला तो कागद नंतर इतिहासाचे साधन म्हणून वापरला गेला, ही यातली अधिक क्रूर बाब. दफ्तरे खुली झाल्यावर मिळालेली २ सप्टेंबर १९३७ ही तारीखच ग्राह्य धरावी.

लुहानी व भारतीय कम्युनिस्ट अवनी मुखर्जी यांनाही याच सत्रात, १९३७-३८ मध्ये, गोळ्या घालण्यात आल्या. खानखोजे तोवर मेक्सिकोत शेतीसंशोधनात रमले होते.