मुखत्यार

मुखत्यार म्हणजे दुसऱ्याने दिलेल्या अधिकारावर, त्याच्या नावाने आणि त्याला बांधून घेईल अशा रीतीने काम करणारा माणूस. ज्या लेखाने हा अधिकार दिला जातो तो मुखत्यारपत्र किंवा मुखत्यारनामा. अधिकार एखाद्याच कामापुरता असला तर खासमुखत्यारपत्र, सर्वसाधारण असला तर कुलमुखत्यारपत्र. वर्तमानपत्रांतल्या जाहीर नोटिशींत ‘वटमुखत्यारपत्र’ असाही शब्द भेटतो. बोलताना हे भेद गळून पडतात आणि ‘त्याला मुखत्यार करून दिलंय’ एवढ्यावर भागते.

कोशाला इतकी व्याख्या पुरेल. पण मराठीत या शब्दाचा आणखी एक अर्थ तितकाच जिवंत आहे आणि तो पहिल्याच्या जवळजवळ उलट जातो. ‘आपल्या मर्जीचा मुखत्यार’, ‘तू सज्ञान आहेस, तुझा तू मुखत्यार’ या वाक्यांतला मुखत्यार कुणाचे ऐकायला बांधील नाही. ‘खुदमुखत्यारी’ म्हणजे तर सरळ स्वायत्तता. हुकमाचा ताबेदार आणि हुकमाचा धनी, दोघांनाही एकच शब्द! कायदा पहिल्या अर्थाने बोलतो, लोकांच्या कानांत दुसरा घुमतो, आणि या शब्दाभोवतीच्या बऱ्याचशा भांडणांची सुरुवात इथेच होते.

व्युत्पत्ती

मूळ शब्द अरबी मुख्तार. तो फारसीतून मराठीत आला. त्याचा धातू ख-य-र, अर्थ निवडणे. या धातूपासून निघालेल्या ‘मुख्तार’ या रूपाची एक गंमत आहे. अरबी व्याकरणात कर्तरी आणि कर्मणी धातुसाधिते एरवी वेगळी दिसतात. इथे मधला य दीर्घ आकारात विरतो आणि दोन्ही रूपे एकच होतात. त्यामुळे मुख्तार म्हणजे ‘निवडणारा’ही आणि ‘निवडलेला’ही. ज्याला निवड करण्याची मोकळीक आहे तो स्वतंत्र मुखत्यार. ज्याची कुणीतरी निवड केली आहे तो नेमलेला मुखत्यार. मराठीतले दोन अर्थ म्हणजे आपल्याकडे झालेला गोंधळ नव्हे. ती जोडी शब्दाबरोबरच आलेली आहे.

याच धातूचा इख्तियार मराठीत ‘अखत्यार’ झाला (‘हे माझ्या अखत्यारीत नाही’). खैर आणि खैरात हे शब्दही त्याच घरचे, कारण निवडण्याजोगे ते चांगले. मुख्तारमध्ये विरलेला य मराठी मुखत्यारमध्ये पुन्हा उगवला आहे, तो बहुधा अखत्यारच्या यमकाने. व्युत्पत्ती ठाऊक नसलेल्या जिभेने धातूतला हरवलेला वर्ण परत आणून ठेवावा, असे क्वचितच घडते.

लोकव्युत्पत्ती अर्थातच ‘मुख’ धरून चालते: जो दुसऱ्याचे तोंड होतो तो मुखत्यार. ऐकायला गोड, पण खरी नाही. तीच गत ‘कुल’ची. हा कुल अरबी आहे, अर्थ सगळा, एकूणएक. कुळाशी किंवा घराण्याशी त्याचे नाते नाही. म्हणून ‘कुळमुखत्यार’ हे लेखन चूक. कूळ म्हणजे दुसऱ्याची जमीन कसणारा, आणि महसुलाच्या कागदांत हे दोन शब्द एकमेकांत मिसळले तर अर्थाचा अनर्थ व्हायला वेळ लागत नाही.

इतर भाषांनी या शब्दाला वेगवेगळ्या पायऱ्यांवर बसवले. तुर्कस्तानात मुहतार हा गावाचा किंवा मोहल्ल्याचा निवडलेला प्रमुख. हैदराबादचा दिवाण पहिला सालारजंग याचा एक किताब मुख्तार-उल-मुल्क असा होता. ब्रिटिश अमदानीत मुख्तार हा कनिष्ठ दर्जाचा कायदा व्यावसायिक. १८७९ च्या विधिव्यवसायी कायद्यात वकिलांबरोबर मुख्तारांचाही विचार केलेला होता. आपल्याकडे या वर्गाने मूळ धरले नाही, म्हणून मराठी मुखत्यार हा धंदा न होता नातेच राहिला. बहुतेक वेळा तो भाऊ, मुलगा, जावई किंवा विश्वासातला शेजारी असतो.

शेजारचे शब्द

दूत निरोप नेतो; निरोप नेल्याने तो मालकाला नव्या कशात अडकवत नाही. शिष्टाई करणारा दोन्ही बाजूंना समजावतो. मुखत्याराची सही मात्र मालकाच्या गळ्यात पडते, आणि एवढ्या एका गोष्टीने तो या दोघांपासून वेगळा होतो. गुमास्ता हा व्यापाऱ्याचा नेमलेला कारकून-प्रतिनिधी. दुकानाच्या परवान्याला अजून ‘गुमास्ता’ म्हणतात, तिथे तो उरला आहे. अडत्या शेतकऱ्याचा माल त्याच्यासाठी विकतो आणि अडत घेतो. दलाल दोघांची गाठ घालून देतो आणि बाजूला होतो, तो कुणाचाच मुखत्यार नसतो. दुसऱ्याच्या वतीने काम करणाऱ्यासाठी कायद्याच्या शासकीय मराठीने ‘अभिकर्ता’ असा शब्द घडवला आहे. तो नेमका आहे, पण कोर्टाच्या पायरीखाली कुणाच्या तोंडी मी तरी ऐकलेला नाही.

मराठेशाहीला अशा शब्दांची ददात नव्हती. प्रधान मोहिमेवर गेला की दरबारात त्याचे काम पाहणारा तो मुतालिक. हे आज आडनाव आहे. व्यवहार कुणाच्या हातून झाला हे सांगायला कागदात ‘विद्यमाने’ किंवा ‘मार्फत’ येई. वकील म्हणजे तेव्हा परदरबारी राहून आपल्या धन्याचे काम करणारा मुत्सद्दी. कोर्टातला वकील पुढचा. राजाराम महाराजांनी जिंजीला असताना प्रल्हाद निराजींसाठी ‘प्रतिनिधी’ हे पद निर्माण केले. पुढे ते वंशपरंपरेचे झाले, आणि छत्रपतींच्या वतीने वागण्यासाठी निघालेल्या पदाचे नाव मिरवत औंधचे पंतप्रतिनिधी १९४८ मधल्या विलीनीकरणापर्यंत स्वतः राज्य करत राहिले. पेशव्यांचे काय झाले ते सांगायला नको.

सगळ्यांत लांब साखळी दिल्लीची. १७८४ मध्ये बादशहा शाहआलमने वकील-इ-मुतलक, म्हणजे निरपवाद अधिकाराचा मुखत्यार, हे पद पेशवे सवाई माधवरावांना दिले आणि त्यांचे नायब म्हणून महादजी शिंद्यांना नेमले. बादशहा नामधारी, त्याचा मुखत्यार दहा वर्षांचा मुलगा, आणि त्या मुलाच्या वतीने हुकूम सोडणारे महादजी. महादजी स्वतःला पाटील म्हणवत. कागदोपत्री ते मुखत्याराचे मुखत्यार होते. दिल्लीत हुकूम कुणाचा चाले याबद्दल तेव्हा कुणाला शंका नव्हती.

कायद्यातला मुखत्यार

भारतात या विषयाचा पाया दोन कायद्यांत आहे. १८७२ च्या कराराच्या कायद्यातील कलम १८२ ते २३८ ही मालक (म्हणजे इथे मुखत्यार नेमणारा) आणि अभिकर्ता यांच्या नात्याची, आणि १८८२ चा छोटेखानी मुखत्यारपत्र अधिनियम खुद्द लेखाबद्दल. मुखत्यार नेमणारा सज्ञान आणि शुद्धीवर असावा लागतो. नेमला जाणारा कुणीही चालतो, अज्ञान म्हणजे वयात न आलेलासुद्धा. मात्र अज्ञान मुखत्याराने घोटाळा केला तर मालकाला त्याला जबाबदार धरता येत नाही. मोबदला ठरलाच पाहिजे असे नाही. १८८२ च्या कायद्याने विवाहित स्त्रीला, ती जणू अविवाहितच आहे असे धरून, स्वतःच्या नावाने मुखत्यार नेमण्याचा हक्क दिला. नवरा आपोआप मुखत्यार होत नाही हे त्यात गृहीत आहे, आणि ते अजूनही पुष्कळांना सांगावे लागते.

मुखत्यारपत्राची भाषा ठरलेली असते. ‘लिहून देणार’ आणि ‘लिहून घेणार’ यांची नावे, मिळकतीचे वर्णन, मग अधिकारांची यादी, शेवटी ‘त्यांनी केलेली सर्व कामे मी स्वतः केली आहेत असे समजून मला मान्य व कबूल राहतील’, आणि समारोपाला ‘राजीखुशीने व अक्कलहुशारीने लिहून दिले असे’. ‘राजीखुशी’ आणि ‘अक्कलहुशारी’ हे शब्द जुन्या वळणाचे म्हणून हसण्यावारी नेऊ नयेत. दबाव नव्हता आणि भान होते, या दोन गोष्टींवरच पुढे दावे लढवले जातात.

अधिकारांची यादी न्यायालये काटेकोरपणे वाचतात. विकण्याचा अधिकार दिला म्हणजे बक्षीस देण्याचा दिला असे होत नाही. वर ‘सर्व अधिकार’ लिहून खाली विशिष्ट कामे दिली असतील, तर मोघम शब्द त्या कामांच्या मर्यादेतच वाचले जातात. म्हणजे ‘कुल’ हा शब्द शीर्षकात जितका मोठा, तितका आत नसतो. मालकाने ज्याच्यावर भरवसा टाकला त्यानेच ते काम करायचे असते. लेखात मुभा नसेल तर मुखत्याराला सहसा आपल्या जागी दुसरा बसवता येत नाही. हिशेब मागितला की द्यावा लागतो. आणि मालकाला न कळवता त्याने मालकाची वस्तू आडून स्वतःच घेतली, तर मालक तो व्यवहार झुगारू शकतो.

दस्त नोंदणीला हजर करण्यासाठी मुखत्यारपत्र वापरायचे तर १९०८ च्या नोंदणी कायद्याप्रमाणे ते निबंधक किंवा दुय्यम निबंधकासमोर करून अधिप्रमाणित करावे लागते. लिहून देणारा परदेशात राहत असेल तर तिथला नोटरी, न्यायाधीश किंवा भारतीय वकिलात चालते. परदेशातून आलेल्या कागदाला भारतात पोचल्यापासून तीन महिन्यांत मुद्रांक लावायचा असतो. महाराष्ट्रात मोबदला घेऊन स्थावर विकण्याचा अधिकार दिला असेल, तर त्यावर खरेदीखताप्रमाणेच मुद्रांक शुल्क लागते. असे का, ते पुढे आलेच आहे.

मालक समजले जाण्याची चूक

शहरांत आणि शहरांच्या कडेला वर्षानुवर्षे घरे-जमिनी ‘कुलमुखत्यारपत्रावर’ विकल्या गेल्या. पैसे पूर्ण द्यायचे, खरेदीखत करायचे नाही, आणि कुलमुखत्यारपत्र, विक्री-करार, जोडीला मृत्युपत्र असे बाड हातात घ्यायचे. मुद्रांक वाचे, विक्रीवरची बंधने टळत. घेणाऱ्याला वाटे, आपण आता मुखत्यार, म्हणजे मालक. सूरज लॅम्प विरुद्ध हरियाणा राज्य या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने ११ ऑक्टोबर २०११ रोजी स्पष्ट केले की अशा बाडाने स्थावराची मालकी हस्तांतरित होत नाही. त्यासाठी नोंदणी केलेला हस्तांतरणाचा दस्तच लागतो. खऱ्याखुऱ्या मुखत्यारपत्रांना त्या निकालाने धक्का लावला नाही. मुलाने वडिलांच्या वतीने केलेले नोंदणीकृत खरेदीखत पूर्वीइतकेच चांगले आहे.

मालक वारला, वेडा झाला किंवा दिवाळखोर ठरला की मुखत्यारी संपते. यातले मधले कारण घरोघरी चटका लावून जाते. आईवडिलांना विस्मरणाचा आजार होणार हे दिसू लागले की मुले लगबगीने मुखत्यारपत्र करून घेतात. पण भान गेले की कलम २०१ प्रमाणे त्या कागदातला जीवही जातो, म्हणजे नेमकी गरज पडते तेव्हाच. इंग्लंडमध्ये २००५ च्या कायद्याने भान गेल्यावरही टिकणारे मुखत्यारपत्र करता येते. आपल्याकडे तशी तरतूद या दोन कायद्यांत नाही, आणि कुटुंबाला पालक नेमून घेण्यासाठी न्यायालयात जावे लागते. बँकेत मात्र वर्षानुवर्षे तोच कागद चालवला जातो, कारण कुणी विचारत नाही.

याला अपवाद कलम २०२ चा. मुखत्याराचे स्वतःचे हित त्या मालमत्तेत गुंतले असेल, उदाहरणार्थ जमीन विकून आलेल्या पैशांतून आपले येणे वळते करून घे म्हणून धनकोलाच अधिकार दिला असेल, तर तो मालकाला काढून घेता येत नाही, मालकाच्या मृत्यूनेही तो संपत नाही. नुसते ‘हे मुखत्यारपत्र रद्द न होणारे आहे’ असे लिहिल्याने हे घडत नाही. हित खरोखर असावे लागते. तरी ते वाक्य टंकलिखित नमुन्यांतून निष्ठेने उतरवले जाते.

एरवी मालक केव्हाही मुखत्यारी काढून घेऊ शकतो. पण काढून घेतल्याचे इतरांना कळेपर्यंत त्यांच्या दृष्टीने ती चालूच राहते. वर्तमानपत्राच्या आतल्या पानावर ‘सदर इसमाशी कोणीही व्यवहार करू नये, केल्यास तो आमच्या अशिलांवर बंधनकारक राहणार नाही’ अशा चौकटी येतात त्या यासाठी.

भाषेतला वापर

मुखत्यार नेमतात, मुखत्यारपत्र करून देतात, मुखत्यारी काढून घेतात. स्त्री असली तरी शब्द मुखत्यारच. वेगळे स्त्रीलिंगी रूप रूढ नाही. विभक्तीत मुखत्याराने, मुखत्यारामार्फत. दस्तावर सही करताना ‘अमुक यांचे तर्फे कुलमुखत्यार म्हणून’ असे लिहून खाली मुखत्याराचे स्वतःचे नाव येते. मालकाच्या सहीची नक्कल करायची नसते, ती केली तर मामला फौजदारीकडे वळतो. कार्यालयांत वरिष्ठाच्या पदनामाजवळ ‘करिता’ एवढेच लिहून कनिष्ठ सही करतो, ती या सहीची लांबची बहीण. ‘तर्फे’ आणि ‘वतीने’ अर्थाने सारखे, पण ‘वतीने’ सत्कार होतात आणि ‘तर्फे’ दावे होतात, असा कान सांगतो.

काही कामे मुखत्याराला देताच येत नाहीत. मृत्युपत्र कुलमुखत्यारपत्राच्या जोरावर करता येत नाही. हात चालत नसेल तर दुसरा सही करू शकतो, पण मृत्युपत्र करणाऱ्याच्या समक्ष आणि त्याच्या सांगण्यावरून. मालकालाच ठाऊक असलेल्या गोष्टींची साक्ष मुखत्यार देऊ शकत नाही. स्वतः जे केले तेवढेच तो सांगू शकतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये ठरवले. कंपनीच्या सभेत भागधारकाचा प्रॉक्सी, म्हणजे त्याच्या जागी पाठवलेला माणूस, हात वर करून मत देऊ शकत नाही, बोलू तर मुळीच शकत नाही; मतपत्रिका निघाली तरच त्याचे मत. निवडणुकीत ‘माझ्या वतीने मत द्यावे’ असे कितीही मोठ्या मुद्रांकावर लिहिले तरी केंद्राध्यक्ष विचारत नाही. अपवाद सेनादलांतील ठरावीक मतदारांचा: २००३ पासून त्यांना आपल्या मतदारसंघात प्रतिनिधी नेमून त्याच्या हातून मत देता येते, आणि शाई त्या प्रतिनिधीच्या मधल्या बोटाला लावतात, कारण तर्जनी त्याच्या स्वतःच्या मतासाठी राखलेली असते.