गाळलेल्या शब्दाची बोली : कॉक्नी यमकबोलीची पार्श्वभूमी

लंडनमध्ये कोणी ‘हॅव अ बुचर्स’ म्हणाले, तर त्याचा शब्दकोशातल्या खाटकाशी काही संबंध नसतो. ‘जरा बघ’ एवढेच त्याला सांगायचे असते. ‘बुचर्स हुक’, म्हणजे खाटकाचा आकडा, या जोडीचे ‘लुक’शी यमक जुळते, आणि बोलताना यमक साधणारा ‘हुक’ हाच शब्द गाळला जातो. ऐकणाऱ्याच्या हाती रोजच्या वापरातला साधा शब्द राहतो आणि अर्थ मात्र गाळलेल्या शब्दाबरोबर निघून गेलेला असतो. या बोलीचे खरे मर्म मला या गाळण्यात दिसते, कारण त्यामुळेच तिचे कितीतरी शब्द आपले मूळ हरवून प्रमाण इंग्रजीत मिसळून गेले.

‘कॉक्नी’ हे नाव या बोलीहून कित्येक शतके जुने आहे. मध्ययुगीन इंग्रजीत त्याचा अर्थ ‘कोंबड्याचे अंडे’, म्हणजे लहान आणि वेडेवाकडे अंडे, असा होता. त्यावरून लाडावलेले मूल, मग खेडुतांच्या नजरेतला नाजूक शहरी माणूस आणि शेवटी थेट लंडनकर, असा त्या शब्दाचा प्रवास झाला. १६१७ साली कोशकार जॉन मिन्शू याने चीपसाइडमधील सेंट मेरी-ल-बो या चर्चच्या घंटांचा आवाज जिथवर पोहोचतो, तिथवर जन्मलेला तो कॉक्नी, अशी व्याख्या नोंदवली आणि आजही तीच सांगितली जाते.

यमकबोली मात्र एकोणिसाव्या शतकातली आहे. १८५९ साली जॉन कॅम्डेन हॉटन याने आपल्या बोलीकोशात तिची स्वतंत्र यादी दिली आणि ती बारा-पंधरा वर्षांपूर्वीच रूढ झाल्याचे लिहिले, म्हणजे तिचा उगम १८४० च्या दशकात जातो. तिचे श्रेय त्याने रस्त्यावर गाणी, पोवाडेवजा कवने आणि छापील चोपड्या ओरडून विकणाऱ्यांना दिले. त्यांची वस्ती म्हणून त्याने ज्या सेव्हन डायल्सचा उल्लेख केला, ती जागा कॉक्नींचे माहेर मानल्या जाणाऱ्या पूर्व लंडनमध्ये नसून मध्य लंडनमधील कॉव्हेंट गार्डनजवळ आहे, हे आज सहसा कोणाच्या लक्षात येत नाही. हातगाडीवर भाजी आणि फळे विकणाऱ्या फेरीवाल्यांची उलटबोली वेगळी होती. पत्रकार हेन्री मेह्यूने १८५१ मध्ये तिचे तपशीलवार वर्णन केले असून, ‘बॉय’ उलटा करून झालेला ‘यॉब’, म्हणजे दांडगट पोरगा, तिच्यातूनच इंग्रजीत आला. अक्षरांची जागा बदलणारी आपल्याकडील मुलांची ‘च’ची भाषा ज्यांना ठाऊक आहे, त्यांना ही युक्ती परकी वाटणार नाही.

१८२९ मध्ये स्थापन झालेल्या लंडनच्या पोलिसांना कळू नये म्हणून ही बोली निर्माण झाली, असे नेहमी सांगितले जाते. गुप्ततेचा उपयोग होत असेलच. परंतु दीड दशकात कोशात छापली गेलेली बोली केवळ लपवाछपवीवर टिकली नसती. शब्द जुळवण्याचा आनंद आणि आपल्या माणसाची ओळख पटणे ही तिच्या दीर्घायुष्याची मला अधिक पटणारी कारणे आहेत.

‘लोफ ऑफ ब्रेड’ म्हणजे ‘हेड’, म्हणून ‘यूज युअर लोफ’ म्हणजे डोके चालव. ‘चायना प्लेट’ म्हणजे ‘मेट’, म्हणून जुना दोस्त हा ‘ओल्ड चायना’. ‘बार्नेट फेअर’ ही लंडनच्या उत्तरेला भरणारी घोड्यांची जत्रा. तिचे ‘हेअर’शी यमक जुळले आणि ‘बार्नेट’ म्हणजे केस झाले. ओठांनी फुर्र आवाज काढण्याला इंग्रज आजीसुद्धा ‘रास्पबेरी’ म्हणते. मूळ ‘रास्पबेरी टार्ट’चे यमक ज्या शब्दाशी आहे, त्याचा अर्थ अपानवायू असा असून तो चारचौघांत उच्चारला जात नाही. कधी तयार शब्दावर यमक नंतर येऊन बसते : पळून जाणे या अर्थाचा ‘स्कार्पर’ इटालियनमधून आधीच आला होता, पण पहिल्या महायुद्धात स्कापा फ्लो या नौदलाच्या तळाचे नाव ‘गो’शी जुळले आणि त्या शब्दाला नवे बळ मिळाले.

नवी भर थांबलेली नाही. बेलफास्टची गायिका रूबी मरी हिची पाच गाणी १९५५ मध्ये एकाच आठवड्यात ब्रिटनच्या लोकप्रिय गाण्यांच्या यादीत पहिल्या विसांत होती; पुढे करीची खाणावळ गल्लोगल्ली पोहोचल्यावर ‘रूबी’ म्हणजे करी झाली.

यमक नसतानाही शेपूट गळून पडते, याचे उदाहरण नाशिकजवळ आहे. मायदेशी नेणाऱ्या जहाजाची वाट पाहत ब्रिटिश सैनिक देवळालीच्या छावणीत महिनोन्‌महिने काढत. त्या कंटाळ्यात आणि उष्म्यात ज्याचे चित्त ढळे, त्याला ‘डूलॅली टॅप’ झाला असे म्हणत. ‘डूलॅली’ म्हणजे देवळाली आणि ‘टॅप’ म्हणजे आपला ताप. पुढे ताप गळला, आणि आज इंग्लंडमध्ये भ्रमिष्ट माणसाला नुसते ‘डूलॅली’ म्हणतात.