हाना शिगुला

शिगुला, हाना : (२५ डिसेंबर १९४३ – ). जर्मन चित्रपट व दूरचित्रवाणी अभिनेत्री आणि गायिका. दिग्दर्शक राइनर व्हेर्नर फासबिंडर (१९४५–८२) यांची नायिका म्हणून त्या जगभर ओळखल्या जातात. मात्र फासबिंडर यांच्या निधनानंतरही त्यांनी चार दशके काम केले. तो उत्तरार्ध दुर्लक्षिला तर या अभिनेत्रीचे मोजमाप अपुरे राहते.

त्यांचा जन्म अप्पर सायलेशियातील क्योनिग्सह्युट (आता पोलंडमधील खोझूफ) येथे झाला. १९४५ मध्ये आई लहानग्या हानाला घेऊन निर्वासित म्हणून म्यूनिकला आली. वडील अमेरिकनांचे युद्धकैदी होते. ते १९४८ मध्ये घरी परतले. म्यूनिक विद्यापीठात जर्मन आणि रोमान्स भाषा-साहित्याचा अभ्यास करत असतानाच शिगुला एका अभिनयशाळेत जाऊ लागल्या. फासबिंडर यांची भेट तिथलीच. १९६७ मध्ये ‘अ‍ॅक्शन थिएटर’ या छोट्या नाट्यसंस्थेच्या ‘अँटिगनी’त प्रमुख अभिनेत्री जखमी झाली, तेव्हा फासबिंडर यांनी शिगुला यांना बोलावून घेतले. पुढे याच गटातून ‘आंटीटेआटर’ ही नाट्यसंस्था उभी राहिली आणि १९६९ पासून त्याच मंडळींचे चित्रपट येऊ लागले.

‘काट्सेलमाखर’ (१९६९) सारख्या सुरुवातीच्या चित्रपटांत शिगुला संथ बोलतात, कमी हलतात, भावनेला मोकळी वाट करून देत नाहीत. पात्र जगत असताना त्या स्वतःकडे जरा लांबून पाहत आहेत असे वाटते. हे त्रयस्थपण हीच त्यांची खरी कमाई. ‘डी बिटरेन ट्रेनेन डेर पेट्रा फोन कांट’ (१९७२) मधील तरुण कारिन बिछान्यावर आळसावून पडल्या पडल्या प्रेमात बुडालेल्या पेट्राचा जीव टांगणीला लावते, ती याच ताकदीवर.

त्याच सुमारास ‘आख्ट श्टुंडन सिंट काइन टाग’ (१९७२–७३) ही पाच भागांची मालिका पश्चिम जर्मन दूरचित्रवाणीवर आली. कोलोनमधल्या एका कामगार कुटुंबाची ही गोष्ट. तिच्यातील मारियन हसतमुख, स्पष्टवक्ती आणि प्रियकराला त्याच्या कारखान्यातल्या प्रश्नांवर विचार करायला लावणारी आहे. शिगुला यांचे एवढे प्रसन्न काम क्वचितच दिसते.

‘एफी ब्रीस्ट’ (१९७४) या चित्रपटाच्या वेळी भूमिकेच्या आकलनावरून फासबिंडर यांच्याशी त्यांचे बिनसले आणि दोघांचे एकत्र काम काही वर्षे थांबले. मधल्या काळात त्या अमेरिकेत भटकल्या आणि विम वेंडर्स यांच्या ‘फाल्श बेवेगुंग’ (१९७५) मध्ये दिसल्या.

पुनर्मीलन घडले ते ‘डी एहे डेर मारिया ब्राउन’ (१९७९) मुळे. बॉम्बहल्ल्यात लग्न लागलेली मारिया युद्धानंतर स्वतःच्या हिमतीवर श्रीमंत होते. युद्धोत्तर पश्चिम जर्मनीच्या भरभराटीचे ती जणू जिवंत रूप आहे. त्यातला एक प्रसंग विसरता येत नाही. मृत समजलेला नवरा दारात उभा राहतो तेव्हा मारिया एका अमेरिकन सैनिकासोबत अर्धवस्त्र अवस्थेत आहे. तिच्या चेहऱ्यावर अपराधाचा लवलेश नाही. उमटतो तो निखळ आनंद. त्या एका भावात सगळी मारिया कळते. या भूमिकेसाठी शिगुला यांना बर्लिन महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे रौप्य अस्वल मिळाले. पुढे आल्फ्रेड ड्योब्लिन यांच्या कादंबरीवरील ‘बर्लिन आलेक्सांडरप्लाट्झ’ (१९८०) या तेरा भाग आणि उपसंहार अशा भव्य मालिकेत त्या एफा झाल्या, तर ‘लिली मार्लेन’ (१९८१) मध्ये नाझी काळातील गायिका.

एव्हाना युरोपभरातून बोलावणी येऊ लागली होती. १९८१ मध्ये त्या पॅरिसला राहायला गेल्या. गोदार, स्कोला, वायदा, साउरा अशा दिग्दर्शकांबरोबर त्यांनी काम केले. मार्को फेरेरी यांच्या ‘स्तोरिया दी पिएरा’साठी १९८३ मध्ये त्यांना कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. हॉलीवूडने मात्र त्यांचे फारसे चीज केले नाही. आईवडिलांच्या आजारपणात त्यांनी स्वतःला शुश्रूषेला वाहून घेतले. साहजिकच चित्रपट कमी झाले. नव्वदच्या दशकापासून गाण्यांच्या मैफलींनी त्यांना पुन्हा रंगमंचावर आणले.

फातिह आकिन यांच्या ‘आउफ डेर आंडेरेन झायटे’ (२००७) मध्ये त्या मुलगी गमावलेली आई आहेत. इस्तंबूलच्या हॉटेलातील खोलीत ही आई एकटी आक्रोश करते. कॅमेरा वर कोपऱ्यात स्थिर, चेहऱ्याजवळ जातच नाही. तिचे तळमळणारे शरीरच सारे सांगते. एकेकाळी भावना आवरून धरणाऱ्या अभिनेत्रीने इथे काहीच राखून ठेवलेले नाही. त्यांचे सर्वश्रेष्ठ काम म्हणून याच दृश्याकडे बोट दाखवावे लागेल.

२०१० मध्ये बर्लिन महोत्सवाने त्यांना मानद सुवर्ण अस्वल दिले. २०१३ मध्ये त्यांचे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले आणि त्यानंतर त्या बर्लिनला राहायला आल्या. फ्रांस्वा ओझों यांनी ‘पेट्रा फोन कांट’ची कथा पुरुष नायक घेऊन नव्याने मांडली (२०२२), तेव्हा एकेकाळच्या कारिनने त्यात नायकाच्या आईची भूमिका केली. योर्गोस लँथिमोस यांच्या ‘पुअर थिंग्ज’ (२०२३) मध्ये नायिकेला जहाजावर भेटणारी वृद्ध प्रवासी मार्था त्यांनी साकारली, तेव्हा त्या ऐंशीच्या उंबरठ्यावर होत्या.